कॅमेऱ्यामागचा माणूस

माहितीपट म्हटला की आज पन्नाशी ओलांडलेल्या अनेकांच्या कानांत एक विशिष्ट आवाज घुमू लागतो. चित्रपटगृहात मुख्य चित्रपट सुरू होण्यापूर्वी फिल्म्स डिव्हिजन या शासकीय संस्थेचा वृत्तपट किंवा अनुबोधपट दाखविला जाई. १९४८ साली स्थापन झालेल्या या संस्थेचे लघुपट देशभरातील चित्रपटगृहांना दाखवावेच लागत. पडद्यावर कधी धरणाची भिंत उभी राहत असे, कधी पोलादाचा रस ओतला जात असे, तर कधी एखाद्या दूरच्या प्रांतातील लोकनृत्य चालू असे. दृश्य कोणतेही असो, त्यावरील निवेदकाचा आवाज मात्र धीरगंभीर आणि ठाम असे. तो आवाज अडखळत नसे. एखादी गोष्ट आपल्याला ठाऊक नाही, असे तो कधी सांगत नसे. तो कोणाचा आहे आणि समोरचे दृश्य टिपणारा माणूस कोण आहे, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनाला शिवतही नसे.

या पाठात ज्या माहितीपटांचा परिचय करून घ्यावयाचा आहे, ते या परंपरेच्या अगदी दुसऱ्या टोकाला उभे आहेत. त्यांतील निवेदक चाचरतो, वाक्य अर्धवट सोडतो, वाट चुकतो. एका कामासाठी म्हणून तो निघतो आणि भलत्याच ठिकाणी जाऊन पोहोचतो. आपल्या भित्रेपणाची आणि एकटेपणाची कबुली तो स्वतःहून देतो आणि प्रेक्षक हसतो. हा निवेदक म्हणजेच त्या पटाचा दिग्दर्शक, बहुधा छायाचित्रकार आणि पुष्कळदा संकलकही असतो. स्वतःची अशी थट्टा करण्याला आत्मविडंबन म्हणतात. वरवर पाहता हा विनोदाचा एक प्रकार एवढेच वाटते. वस्तुतः अनोळखी माणसांच्या जवळ जाण्याचा तो एक मार्ग आहे. आणि त्या मार्गाने जाणाऱ्याला, तसेच वाटेत त्याला भेटणाऱ्यांनाही, त्याची किंमत मोजावी लागते.

आत्मविडंबन मराठी वाचकाला नवे नाही. चिं. वि. जोशी यांचे चिमणराव आपल्या फजितीच्या हकिकती स्वतःच सांगतात, आणि सांगताना आपण किती हास्यास्पद ठरत आहोत याची त्यांना पुरती कल्पना नसते. वाचकाला ती असते. विनोद तेथे उपजतो. परंतु चिमणराव हे काल्पनिक पात्र आहे. त्यांच्या मागे जोशी नावाचे एक शहाणे लेखक उभे आहेत आणि हे वाचक जाणून असतो. माहितीपटात अशी आडोशाची भिंत नसते. हसविणारा आणि ज्याला हसायचे तो, हे दोघे एकच असतात व ते खऱ्या नावानिशी समोर येतात. त्यांचे आईवडील, शेजारी, रस्त्यात भेटलेला परका मनुष्य, हे सारेही खरे असतात. गुंड्याभाऊंना वाईट वाटण्याचा प्रश्न नसतो. येथे मात्र तो असतो.

हा प्रकार कसा जन्माला आला, हे समजून घेण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. १९६० च्या सुमारास अमेरिकेत खांद्यावर घेऊन हिंडता येईल असा हलका १६ मिलिमीटर कॅमेरा आणि त्याच्याशी मेळ ठेवून जागेवरच ध्वनी मुद्रित करणारे सुटसुटीत यंत्र वापरात आले. रॉबर्ट ड्र्यू आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याच साधनांनी १९६० साली 'प्रायमरी' हा माहितीपट केला. अध्यक्षपदाच्या उमेदवारीसाठी जॉन केनेडी आणि ह्यूबर्ट हम्फ्री विस्कॉन्सिन राज्यात जो प्रचार करीत होते, त्याचे हे चित्रण होते. कॅमेरा गर्दीतून केनेडींच्या पाठोपाठ सभागृहात शिरतो. निवेदन जवळजवळ नाही. रिचर्ड लीकॉक हे त्यातील एक छायाचित्रकार होते. या मंडळींची धारणा अशी होती की चित्रण करणाऱ्याने मध्ये पडू नये, प्रश्न विचारू नयेत, आपण तेथे आहोत हे कोणाला जाणवूही देऊ नये. धीरगंभीर निवेदकाला त्यांनी निरोप दिला, हे चांगलेच झाले. पण खांद्यावर यंत्र घेतलेला मनुष्य खोलीत उभा असताना तो तेथे नाही असे मानणे, हीदेखील एक प्रकारची बतावणीच होती.

ही बतावणी ज्यांनी मोडली त्यांत रॉस मॅकेल्वी यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागते. त्यांचा जन्म १९४७ साली नॉर्थ कॅरोलायना राज्यातील शार्लट या शहरी झाला. मॅसॅच्युसेट्समधील प्रसिद्ध तंत्रज्ञान संस्थेत त्यांनी चित्रपटकलेचे शिक्षण घेतले आणि तेथे लीकॉक हेच त्यांचे एक शिक्षक होते. मॅकेल्वी यांना एका माहितीपटासाठी अनुदान मिळाले. विषय इतिहासाचा होता. अमेरिकेच्या यादवी युद्धात उत्तरेकडील सेनापती विल्यम शर्मन यांनी १८६४ च्या अखेरीस अटलांटापासून सव्हानापर्यंत कूच केले व वाटेतील प्रदेश उद्ध्वस्त केला. त्या विध्वंसाच्या खुणा दक्षिणेत अजून कोठे कोठे दिसतात, याचा शोध त्यांना घ्यावयाचा होता. नेमके त्याच वेळी त्यांचे प्रेमप्रकरण तुटले. मॅकेल्वी दक्षिणेत गेले, शर्मनच्या वाटेने निघालेही. पण कॅमेरा वळू लागला तो वाटेत भेटणाऱ्या स्त्रियांकडे. १९८६ च्या सुमारास प्रेक्षकांसमोर आलेला 'शर्मन्स मार्च' हा अडीच तासांहून मोठा माहितीपट म्हणजे या भरकटण्याची हकिकत होय.

त्याचा प्रारंभ पाहण्यासारखा आहे. पडद्यावर नकाशा दिसतो, सैन्याच्या वाटचालीची रेषा पुढे सरकते आणि एक भारदस्त आवाज इतिहास सांगू लागतो. हा आवाज लीकॉक यांचा आहे. मध्येच तो थांबतो आणि हे पुन्हा एकदा वाचून घ्यायचे काय, अशा अर्थाची विचारणा करतो. नवशिक्याने चुकून तसेच ठेवले आहे असे वाटावे, असा हा प्रसंग. परंतु त्या एका विचारणेने जुना सर्वज्ञ निवेदक रजा घेतो आणि त्याच्या जागी एक गोंधळलेला तरुण येऊन उभा राहतो. पुढे शर्मनची फौज जेथे जेथे जिंकत गेली, तेथे तेथे हा तरुण हरत जातो. त्याची मोटार बंद पडते. ओळखीच्या स्त्रिया त्याच्याशी मोकळेपणाने बोलतात, परंतु त्यांच्या आयुष्यात त्याला जागा नसते. एका वेशभूषेच्या मेजवानीहून परतल्यावर तो सैनिकी पोशाखातच कॅमेऱ्यासमोर बसतो आणि घरच्यांची झोप मोडू नये म्हणून कुजबुजत्या स्वरात आपली कर्मकहाणी सांगतो. त्याच्या एकेकाळच्या शिक्षिका त्याच्यासाठी स्थळ शोधण्याच्या खटपटीत असतात. आपला हा विद्यार्थी अशा वेळीही कॅमेरा खाली ठेवत नाही हे पाहून त्या संतापतात, आणि हे आयुष्य आहे, कलाकृती नव्हे, असे त्याला सुनावतात. मॅकेल्वी यांनी हा प्रसंग गाळला नाही. स्वतःवरचा सर्वांत कठोर आरोप त्यांनी आपल्याच पटात ठेवून दिला. १९८७ साली सनडान्स महोत्सवात या माहितीपटाला परीक्षकांचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले, आणि २००० साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेश झाला.

येथे एक तुलना उपयोगी पडेल. १९८९ साली मायकेल मूर यांचा 'रॉजर अँड मी' प्रदर्शित झाला. मिशिगन राज्यातील फ्लिंट हे मूर यांचे गाव. तेथील मोटार कारखाने बंद पडून हजारो कामगार बेकार झाले होते. मूर हे जनरल मोटर्सचे अध्यक्ष रॉजर स्मिथ यांची भेट घेण्यासाठी धडपडतात आणि प्रत्येक दारावरून परत पाठविले जातात. ढगळ कपडे, डोक्यावर टोपी, चेहऱ्यावर बावळट भाव; प्रेक्षक त्यांना हसतो, पण त्या हसण्याचा बाण लागतो तो बंद दारामागे बसलेल्या धनवंतांना. मूर यांचे बावळटपण हे लढाईतील चिलखत आहे. मॅकेल्वी यांच्याजवळ असे चिलखत नाही. त्यांचा बाण उलटा येतो. आणखी एक गोष्ट लक्षात ठेवावी. मूर यांनी घटनांचा क्रम बदलून दाखविला, असा आक्षेप त्याच वर्षी घेण्यात आला आणि त्यावर बराच वाद झाला. विनोदासाठी काळाची अदलाबदल करणे कथाकाराला शोभते. माहितीपटकाराने ती करावी काय, हा प्रश्न तेव्हापासून या प्रकाराच्या मागे लागला आहे. हसत बोलणारा मनुष्य खोटे बोलणार नाही, असे आपण सहज धरून चालतो. त्यातच धोका आहे.

मॅकेल्वी यांच्या काळात असे काम करणे अत्यंत खर्चाचे होते. १६ मिलिमीटरच्या चारशे फुटी फितीवर जेमतेम अकरा मिनिटांचे चित्रण मावे. ती फीत विकत घ्यावयाची, रसायनशाळेत धुवून घ्यावयाची, तिची प्रत काढावयाची आणि मग संकलनाच्या टेबलावर बसावयाचे. एवढे करून पट तयार झाला, तरी तो दाखविण्यासाठी महोत्सव, वितरक किंवा दूरचित्रवाणी यांचे दार ठोठवावे लागे. जो माणूस स्वतःच्या फजितीचा पट काढतो, त्याला अनुदान देण्यास कोण सहज तयार होणार? अंकीय कॅमेरा आला आणि फितीचा खर्च उरला नाही. २००४ साली व्हिमिओ आणि २००५ साली यूट्यूब ही आंतरजालावरील संकेतस्थळे सुरू झाली आणि दार ठोठावण्याची गरजही संपली. आपल्या खोलीत बसून संकलित केलेला दहा मिनिटांचा पट रात्री संकेतस्थळावर ठेवावा आणि सकाळी तो कोठल्याही देशातील मनुष्याने पाहावा, हे शक्य झाले. 

या नव्या परिस्थितीतून पुढे आलेले नाव म्हणजे जॉन विल्सन. त्यांचा जन्म १९८६ साली न्यूयॉर्कमध्ये झाला. बिंगहॅम्टन येथील विद्यापीठात चित्रपटकला शिकल्यानंतर त्यांनी काही काळ एका खाजगी गुप्तहेराकडे नोकरी केली. पाळतीवर असलेल्या कॅमेऱ्यांनी टिपलेले तासन्‌तासांचे चित्रण पाहावयाचे आणि त्यांतून उपयोगाचे काही क्षण वेचून काढावयाचे, हे त्यांचे काम होते. वाळू चाळून सोन्याचा कण शोधण्यासारखेच ते. कंटाळवाण्या चित्रणाकडे चिकाटीने पाहण्याची ही सवय पुढे त्यांच्या कलेचा पाया ठरली.

विल्सन यांनी व्हिमिओवर छोटे छोटे माहितीपट ठेवण्यास प्रारंभ केला. त्यांची शीर्षके एखाद्या मार्गदर्शक पुस्तिकेसारखी असत. एकाचा अर्थ 'ढेकणांसह कसे राहावे' असा होतो, तर दुसऱ्याचा 'धूम्रपान कसे चालू ठेवावे' असा. शिकविण्याचा आव आणायचा आणि शिकविणाऱ्यालाच काही येत नाही असे उघडकीस यावे, ही यातील गंमत. पाठ्यपुस्तकांनीदेखील मनावर घ्यावी अशी ती आहे. ज्याच्या घरात ढेकूण झाले आहेत तो मनुष्य ही गोष्ट शेजाऱ्यालाही सांगत नाही. हा मनुष्य तिचा माहितीपट काढून साऱ्या जगासमोर ठेवतो. पण त्यामुळेच ज्यांच्या घरी ढेकूण झाले आहेत असे सर्वजण त्याला आपला समजू लागतात.

विल्सन यांची पद्धत नीट पाहिली पाहिजे, कारण तिच्यात विनोद आणि निरीक्षण एकजीव झालेले आहेत. ते स्वतः पडद्यावर क्वचितच दिसतात; दिसलेच तर आरशातील किंवा काचेतील प्रतिबिंबात. प्रेक्षक त्यांना ओळखतो तो आवाजावरून. हा आवाज थोडा नाकातला, संकोची, मध्येच 'अं' करून थांबणारा. निवेदनात ते 'मी' फारसे म्हणत नाहीत, 'तुम्ही' म्हणतात. 'तुम्हाला लोकांत मिसळावेसे वाटते, पण बोलायचे काय हे सुचत नाही,' अशा धाटणीचे ते बोलणे असते. अडचण त्यांची, पण ती पाहणाऱ्याच्या नावावर लावली जाते, आणि पाहणारा ती मान्यही करतो. या आवाजाखाली सरकत असतात न्यूयॉर्कच्या रस्त्यांवरील दृश्ये: वाऱ्याने उलटलेली छत्री, मोडक्या खुर्चीला पदपथाच्या खांबाशी बांधणारी साखळी, मोबाइलकडे पाहता पाहता खांबावर आपटणारा मनुष्य. शब्द एक सांगतात, चित्र त्यांचा भलताच अर्थ लावते. निवेदनात 'आधार' हा शब्द यावा आणि पडद्यावर कलत्या भिंतीला लावलेला टेकू दिसावा, अशी ही कोटी. शाब्दिक कोटी मराठीत पुष्कळ झाली. शब्द आणि दृश्य यांची कोटी करण्यासाठी मात्र आधी शेकडो तासांचे चित्रण गोळा करून ते नीट वर्गवारीने लावून ठेवावे लागते. जे सहज सुचल्यासारखे भासते, त्यामागे कारकुनाची चिकाटी असते.

कॅनडाचे विनोदकार नेथन फील्डर यांच्या पाहण्यात हे लघुपट आले आणि त्यांच्या साहाय्याने विल्सन यांना एचबीओ या वाहिनीवर मालिका करण्याची संधी मिळाली. 'हाउ टू विथ जॉन विल्सन' ही मालिका २३ ऑक्टोबर २०२० रोजी सुरू झाली. सहा भागांचे एक, अशी तिची तीन पर्वे झाली आणि सप्टेंबर २०२३ मध्ये ती संपली. घरात एकट्याने केलेल्या कामाला आता सहकारी छायाचित्रकार, संकलक आणि लेखक मिळाले. शैली मात्र तीच राहिली.

पहिल्या पर्वातील एक भाग परांच्यांविषयी आहे. इमारतीच्या दुरुस्तीसाठी बांधलेली परांची आणि तिच्याखालून जाणाऱ्यांसाठी पदपथावर उभारलेले छत ही न्यूयॉर्कमध्ये पावलोपावली दिसणारी गोष्ट. विल्सन हळूहळू तिच्या मुळाशी जातात. १९७९ साली तेथील बर्नार्ड महाविद्यालयाची एक विद्यार्थिनी इमारतीचा निखळलेला तुकडा डोक्यावर पडून मरण पावली. त्यानंतर १९८० साली शहराने सहा मजल्यांहून उंच इमारतींच्या दर्शनी भागाची ठराविक मुदतीने तपासणी बंधनकारक केली. कायदा चांगला होता. परंतु खर्चिक दुरुस्ती करण्यापेक्षा छत तसेच उभे ठेवणे अनेक मालकांना स्वस्त पडू लागले, आणि तात्पुरती म्हणून बांधलेली परांची वर्षानुवर्षे हटेनाशी झाली. लोक तिच्या नळ्यांना धरून उभे राहतात, तिच्या आडोशाने पाऊस टाळतात, तिच्यावर डोके आपटून घेतात. एका मुलीचा मृत्यू, एक सद्धेतूने केलेला नियम आणि त्याचे झालेले हे रूप, हे सारे धीरगंभीर आवाजात सांगितले असते तर एक शासकीय अहवाल झाला असता. येथे ते अशा माणसाच्या तोंडून येते, ज्याला फक्त एवढेच विचारायचे होते की हे लोखंड माझ्या वाटेत का आहे. प्रेक्षकाच्या मनातही तोच प्रश्न असतो. म्हणून उत्तर लक्षात राहते.

त्याआधीचा, म्हणजे मालिकेचा पहिलाच भाग, अनोळखी माणसांशी गप्पा कशा माराव्यात याविषयी आहे. विसाव्यासाठी म्हणून विल्सन मेक्सिकोतील कॅनकून येथे जातात आणि सुट्टीची धमाल करण्यास आलेल्या महाविद्यालयीन तरुणांच्या गर्दीत नेमके सापडतात. सभोवती मद्य, संगीत, आरडाओरडा, आणि मध्ये कॅमेरा घेतलेला हा बुजरा मनुष्य. तेथे त्यांना एक तरुण भेटतो. प्रथम तोही बाकीच्यांसारखा मौजमजेचे बोलतो. दोघेही त्या गर्दीत एकटे आहेत, हे थोड्या वेळाने ध्यानात येते, आणि मग तो तरुण आपल्या मित्राच्या मृत्यूविषयी बोलू लागतो. एखाद्या रुबाबदार वार्ताहराने ध्वनिक्षेपक पुढे केला असता तर तो असे बोलला असता काय? बहुधा नसता. समोरचा आपल्याहून अवघडलेला आहे, हे पाहून त्याला धीर आला. आत्मविडंबनाचे खरे कार्य येथे दिसते. ज्याच्या हातात कॅमेरा असतो त्याच्या हाती सत्ता असते. कोणते वाक्य ठेवायचे आणि कोणते गाळायचे हे तोच ठरवितो. स्वतःला हास्यास्पद करून तो त्या सत्तेची धार कमी करतो.

परंतु धार कमी होते, नाहीशी होत नाही. रस्त्यावर खांबाला आपटलेल्या मनुष्याने स्वतःहून आपली थट्टा आरंभिलेली नसते. विल्सन स्वतःला हसतात, हे खरे. त्यांनी आपल्या मर्जीने ते पत्करले आहे. तो पादचारी मात्र न विचारता विनोदाचा भागीदार झालेला असतो. सार्वजनिक जागी चित्रण करण्यास कायद्याची आडकाठी नाही, एवढ्यावर हा प्रश्न मिटत नाही. विल्सन यांच्या बाजूने एवढे म्हणता येईल की त्यांचा कॅमेरा उपहासाने पाहत नाही आणि विक्षिप्त माणसांसमोर तो घाईही करत नाही. ती माणसे आपल्या वेडाविषयी मनसोक्त बोलतात आणि बोलता बोलता हास्यविषय न राहता माणसे होतात. प्रत्येक वेळी हे साधते असे नाही. काही ठिकाणी प्रेक्षकाला हसू येते आणि पाठोपाठ संकोचही वाटतो.

दुसरा प्रश्न त्यांच्या प्रामाणिकपणाचा. स्वतःची कोणती फजिती सांगायची हे सांगणाराच निवडतो. तेव्हा कबुलीसुद्धा एक मुखवटा होऊ शकते. लहानसहान दोष हसत सांगावेत आणि मोठे झाकून ठेवावेत, हे व्यवहारात आपण नेहमीच पाहतो. विल्सन यांनी २०२१ च्या पर्वात, द्राक्षमद्याची पारख कशी करावी या वरकरणी निरुपद्रवी भागात, आपल्या विद्यार्थिदशेतील एक अडचणीची आठवण उघड केली. महाविद्यालयात ते वाद्यांच्या साथीविना गाणाऱ्या एका गायकवृंदात होते, आणि तो वृंद ज्या मेळाव्यात सहभागी झाला तो नेक्झियम नावाच्या पंथाशी निगडित होता. या पंथाचा प्रमुख २०१९ साली गंभीर गुन्ह्यांत दोषी ठरला. लोकांत सामावून जाण्याच्या इच्छेपोटी मनुष्य कोठवर जाऊ शकतो, हे येथे दिसते आणि हसता हसता प्रेक्षक गप्प होतो. २०२३ च्या अखेरच्या पर्वात तर पक्षिनिरीक्षणाच्या निमित्ताने त्यांनी खरेखोटेपणाचाच विषय हाती घेतला. पक्षी पाहणारे आपण पाहिलेल्या पक्ष्यांची यादी ठेवतात. ती खरी की खोटी हे तपासण्यास दुसरा कोणी तेथे नसतो. माहितीपटकाराचीही स्थिती तीच.

पहिल्या पर्वाच्या शेवटच्या भागात विल्सन रिसोट्टो शिकायला निघतात. रिसोट्टो म्हणजे सतत ढवळत राहून शिजवायचा इटालियन पद्धतीचा भात. क्वीन्स भागात ते ज्या घरात भाड्याने राहत, त्याच्या वृद्ध घरमालकीणबाई त्यांना खाऊपिऊ घालीत, त्यांचे कपडेही धुऊन देत. या मायेची थोडी परतफेड व्हावी, एवढाच हेतू. भात कधी गिच्च होतो, कधी कच्चा राहतो. हे सारे चालू असतानाच मार्च २०२० उजाडतो आणि न्यूयॉर्कमध्ये कोरोनाची साथ पसरते. दुकानांपुढील रांगा, रिकामी फडताळे, निर्मनुष्य रस्ते हे सर्व त्याच चाचरत्या आवाजाखाली येते. त्या दिवसांविषयी जगभर असंख्य वृत्तपट निघाले. या भागात आकडे नाहीत, तज्ज्ञ नाहीत. एक मनुष्य आहे, एक पातेले आहे, आणि वरच्या मजल्यावर जिला आता भेटता येत नाही अशी एक म्हातारी बाई.

विल्सन यांना ज्या वाटेने जाता आले ती वाट प्रथम तुडविणारे मॅकेल्वी अजूनही चित्रण करीत राहिले आहेत. १९९३ सालच्या 'टाइम इन्डेफिनिट' या पटाच्या आरंभी कुटुंबाच्या मेळाव्यात ते आपल्या विवाहाची बातमी जाहीर करतात आणि नेमक्या त्याच क्षणी कॅमेऱ्याची बॅटरी संपते. त्याच पटात पुढे त्यांच्या वडिलांचा मृत्यू येतो. मुलगा झाल्यावर त्यांनी त्याचेही चित्रण केले. २००३ च्या 'ब्राइट लीव्ह्ज' मध्ये तो लहान दिसतो. २०११ च्या 'फोटोग्राफिक मेमरी' मध्ये तो तरुण आहे, सतत संगणकात आणि मोबाइलमध्ये गुंतलेला, बापाच्या कॅमेऱ्याला कंटाळलेला. बापाला मुलगा कळत नाही, आणि या न कळण्याचाच विनोद होतो. २०१६ साली हा मुलगा मरण पावला. २०२५ साली व्हेनिसच्या महोत्सवात मॅकेल्वी यांचा 'रीमेक' हा माहितीपट दाखविण्यात आला. 'शर्मन्स मार्च' वरून कथापट काढण्याचा एका दिग्दर्शकाचा बेत होता. त्यावरून हे नाव आले. परंतु पट आहे तो मुलाविषयी. पूर्वी ज्या चित्रणावर प्रेक्षक हसले होते, तेच चित्रण मॅकेल्वी त्यात पुन्हा पाहत बसतात.